न दिसणाऱ्या दुखण्याची साक्ष

सिकलसेलच्या रुग्णाला ऐन वेदनेच्या वेळी दवाखान्यात आणले, ताप पाहिला, रक्तदाब मोजला, एक्स-रे काढला, रक्त तपासले, तरी ज्यावर बोट ठेवून 'याला इतके दुखते आहे' असे म्हणावे, असे त्यात बहुधा काही सापडत नाही. हिमोग्लोबिन नेहमीसारखेच कमी असते. हाड मोडलेले नसते. सूज असली तर असते, नसली तर नसते. उरतो तो रुग्णाचा शब्द. तो खरा मानायचा की नाही, यावर पुढचे सारे उपचार ठरतात.

या लेखाचा विषय सिकलसेल हा आजार आहे, त्याहून अधिक या शब्दाचे काय होते, हा आहे.

मी शेंदूरजनाघाटची. वरूड तालुक्यातले, सातपुड्याच्या पायथ्याचे, मध्य प्रदेशच्या सीमेला लागून असलेले हे गाव संत्र्याच्या कलमांसाठी ओळखले जाते. इथल्या रोपवाटिकांतली कलमे दूरदूर जातात. आम्हाला मोठा दवाखाना गाठायचा तर अमरावती किंवा नागपूर; दोन्हीकडे जाण्यायेण्यात दिवस मोडतो. शासकीय आरोग्यसेवेत प्रयोगशाळा तंत्रज्ञ म्हणून मी नोकरी केली. निवृत्तीनंतर सिकलसेल असलेल्या काही कुटुंबांशी सवडीने, पुन्हा पुन्हा बोलत राहिले. त्यांची नावे इथे नाहीत, ओळख पटेल असे तपशीलही वगळले आहेत. डॉक्टर मी नाही. नळीतले रक्त पाहणारी आणि मग अहवाल घ्यायला आलेल्यांचे चेहरे पाहणारी, एवढाच माझा अधिकार.

आजार असा. रक्तातल्या लाल पेशीत हिमोग्लोबिन असते. त्याच्या बीटा साखळीतल्या सहाव्या जागी ग्लुटामिक आम्लाऐवजी व्हॅलिन आले, की प्राणवायू सोडल्यावर हे हिमोग्लोबिन एकमेकांना चिकटते आणि गोल, लवचीक पेशी विळ्यासारखी वाकडी व ताठर होते. निरोगी पेशी साधारण 120 दिवस जगते. ही 10 ते 20 दिवसांतच मोडते. म्हणून रक्त सदा कमी. अशा पेशी बारीक रक्तवाहिनीत अडकल्या, की पुढच्या भागाला रक्त मिळत नाही आणि तिथे वेदना उठते. डॉक्टरी भाषेत तिला 'क्रायसिस' म्हणतात. आमच्याकडे रुग्णांची आई म्हणते, "त्याचं पुन्हा उठलं." पाणी कमी पडले, थंडी लागली, ताप आला, अंगमेहनत जास्त झाली, की ते उठते. पुष्कळदा काहीही कारण न दिसता उठते.

वैद्यकाने या आजाराची नोंद घेतली ती 1910 मध्ये, शिकागोच्या जेम्स हेरिक यांच्या लेखाने. त्यांचा रुग्ण वॉल्टर क्लेमंट नोएल हा ग्रेनाडा बेटावरून आलेला दंतवैद्यकाचा विद्यार्थी होता. त्याने आजार सांभाळत शिक्षण पुरे केले, मायदेशी परतून दवाखाना थाटला आणि 1916 मध्ये तो वारला. 1949 मध्ये लायनस पॉलिंग आणि सहकाऱ्यांनी हा 'रेणूचा आजार' असल्याचे दाखवले. भारतात 1952 मध्ये निलगिरीच्या आदिवासींत सिकल पेशी आढळल्या आणि 1958 मध्ये शुक्ला व सोलंकी यांनी मध्य भारतातली, नागपूरकडची नोंद 'लॅन्सेट'मध्ये छापली. म्हणजे विदर्भाला हा आजार कागदोपत्री माहीत होऊन साठांहून अधिक वर्षे झाली. शरीराला तो किती पिढ्या माहीत आहे, कोण जाणे.

आफ्रिकेतल्या लोकांना तो हेरिकच्या कितीतरी आधी माहीत होता, आणि तोही नावानिशी. घानाचे डॉक्टर फेलिक्स कोनोटे-अहुलू यांनी त्या भागातल्या भाषांतली या आजाराची जुनी नावे नोंदवली आहेत. गा भाषेत 'च्वेच्वेच्वे', ट्वी भाषेत 'अहोतुतुओ'. एकच ध्वनी पुन्हा पुन्हा यावा अशी ही नावे; जणू हाड कुरतडणाऱ्या, थांबून परत येणाऱ्या दुखण्याचीच नक्कल. प्रयोगशाळेला पेशीचा आकार दिसला म्हणून तिने आजाराला विळ्याचे नाव दिले. ज्यांना दुखत होते, त्यांनी दुखण्याचे दिले.

मराठीत या आजाराला स्वतःचे नाव नाही. दुखण्याला मात्र आहेत, आणि भरपूर. ठणका वेगळा, ठसठस वेगळी. कळ येते आणि जाते, सणक डोक्यापर्यंत भिडते, चमक क्षणात निघते, रग लागते ती हळूहळू. एका मुलीने मला सांगितले, की तिचे मांडीतले दुखणे ठणक्याने सुरू होते, मग 'हाडं फुटतात', आणि उतरताना नुसती रग राहते. हा क्रम तिला पाठ आहे. ठणक्यालाच भरपूर पाणी पिऊन, गोळी घेऊन, पांघरूण घेऊन पडले तर कधी कधी पुढचे टळते. हाडे फुटू लागली, की दवाखाना. दवाखान्यात तिला विचारतात, शून्य ते दहामध्ये किती? ती दहा म्हणते. दर वेळी दहा म्हणते, म्हणून तिच्याकडे संशयाने पाहतात.

शून्य ते दहाच्या या पट्टीची मी टवाळी करणार नाही; घाईच्या वेळी ती उपयोगी पडते. पण वेदनेच्या संशोधकांनाच ती अपुरी वाटत होती. रोनाल्ड मेलझॅक यांनी 1975 मध्ये प्रसिद्ध केलेल्या मॅकगिल प्रश्नावलीत वेदनेचे वर्णन करणारे 78 शब्द गटवार मांडले, ते एवढ्याचसाठी: दुखणे किती आहे यासोबत कसे आहे, हेही कळायला हवे. मराठीत, त्यातही वऱ्हाडीत, अशी यादी करायला बसले तर ती आटोपणार नाही. आमच्या वॉर्डातल्या सिस्टर याच बोलीतल्या आहेत, त्यांना हे शब्द घरचेच. मात्र केसपेपरवर उतरताना त्या सगळ्यांचे 'बॉडी पेन' होते.

दिसत नसणे हा या दुखण्याचा दुसरा अर्धा भाग. एक तरुण म्हणाला, "मॅडम, पाय मोडला असता तं बरं झालं असतं. लोकायले दिसलं तं असतं." त्याचे सगळे वय आपण खोटे बोलत नाही, हे सिद्ध करण्यात गेले आहे. शाळेत मास्तरांना वाटे, गृहपाठ चुकवतो. बागेत मुकादमाला वाटे, कामचुकार आहे. घरी भाऊ म्हणे, जेवताना बरा दुखत नाही. आणि एका दवाखान्यात, रात्री दोन वाजता, त्याच्यासमोरच कोणीतरी म्हणाले, की याला इंजेक्शनची सवय लागली आहे.

ही शंका आमच्याकडचीच नाही. अमेरिकेत सिकलसेलवर लिहिणाऱ्या जवळजवळ प्रत्येकाने तिची नोंद केली आहे. आपल्याकडे तिला आणखी एक पदर आहे. मॉर्फिनसारखी औषधे 1985 च्या अमली पदार्थ कायद्याखाली येतात. 2014 च्या दुरुस्तीने त्यांची उपलब्धता सोपी करायचा प्रयत्न केला, पण लहान दवाखान्यात ती असतातच असे नाही, आणि असली तरी हात आखडतो. मग ज्याला इंजेक्शनाचे नाव ठाऊक आहे, मात्रा ठाऊक आहे, तो रुग्ण संशयास्पद ठरतो. मधुमेहाचा रुग्ण इन्सुलिनची युनिटे तोंडपाठ म्हणून दाखवतो, तेव्हा आपण त्याला जाणकार म्हणतो. एकाच प्रकारच्या ज्ञानाला दोन न्याय!

प्रत्यक्षात हे रुग्ण दवाखान्यात किती कमी येतात, हे व्हर्जिनियातल्या एका अभ्यासाने दाखवले. 2008 मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासात 232 प्रौढ रुग्णांनी रोजची वेदना वहीत नोंदवली. एकूण दिवसांपैकी जवळपास 55 टक्के दिवशी त्यांना दुखत होते. दवाखाना गाठला गेला तो फक्त साडेतीन टक्के दिवशी. बाकीचे दिवस घरातच सोसले गेले. डॉक्टरांना दिसतो तो हा साडेतीन टक्क्यांचा रुग्ण, कण्हणारा, मागणारा. उरलेल्या दिवसांतला, दुखत असताना भाकरी थापणारा किंवा कलमे बांधणारा, त्यांच्या नजरेस पडत नाही.

मन आणि वेदना यांचा संबंध सांगताना नेहमी एक गफलत होते. 'यात मनाचा भाग आहे' म्हटले, की ऐकणाऱ्याला 'म्हणजे खरे दुखत नाही' असे ऐकू येते. मेलझॅक आणि पॅट्रिक वॉल यांनी 1965 मध्ये मांडलेला सिद्धांत नेमका याच्या उलट आहे. वेदनेचा संदेश मज्जारज्जूतल्या एका फाटकातून मेंदूकडे जातो, आणि भीती, लक्ष, पूर्वानुभव हे मेंदूकडून खाली येऊन ते फाटक कमी-जास्त उघडू शकतात, असे त्यांनी सुचवले. सिकलसेलमध्ये तर याहून पुढची गोष्ट आहे. लॉस एंजेलिसच्या बाल रुग्णालयातल्या संशोधकांनी दाखवले, की मानसिक ताणाने, इतकेच काय, वेदना होणार आहे या नुसत्या अपेक्षेनेही, या रुग्णांच्या हातातल्या बारीक रक्तवाहिन्या आकसतात आणि रक्तप्रवाह घटतो. ज्या आजारात अडचणच अरुंद वाटेत अडकण्याची, तिथे वाट आणखी अरुंद होते. भीतीने वेदनेची कल्पना होते असे हे नाही. भीती रक्तवाहिनीपर्यंत पोचते.

'ताण' हा शब्द आमच्या गावात आधी बागेचा आहे. आंबिया बहारासाठी डिसेंबर-जानेवारीत आणि मृग बहारासाठी मे महिन्यात झाडाचे पाणी तोडतात, पाने कोमेजू देतात. मग पाणी सोडले, की फुले फुटतात. झाडाला ताण मानवतो. त्याच बागेत काम करणाऱ्या सिकलसेलच्या माणसाला तो मानवत नाही. डिसेंबरची पहाटेची थंडी आणि मे महिन्याचे ऊन हे त्याच्यासाठी सारखेच वाईट, आणि दोन्ही वेळी बागेत हात लागतात. वारंवार पाणी प्यायला थांबणारा मजूर कोणाला आवडत नाही. बायकांचा प्रश्न वेगळा. पाणी जास्त प्यायले तर लघवीला जायचे कुठे, म्हणून त्या पाणीच टाळतात. भरपूर पाणी प्या, हा सल्ला कागदावर किती सोपा दिसतो.

चांगले दिवस हा या आजाराचा अवघड भाग आहे, असे माझे मत होत गेले आहे. वेदना नसते तेव्हा माणूस इतरांसारखाच दिसतो, आणि त्याला इतरांसारखेच व्हायचे असते. राहिलेले काम, बुडालेली शाळा, हुकलेली मजुरी सगळे एकदम भरून काढायला तो धावतो, आणि त्या धावण्यानेच पुढचे दुखणे ओढवते. आजाराने आयुष्याची कथा मध्येच तुटते, असे ब्रिटिश समाजशास्त्रज्ञ मायकेल ब्युरी यांनी 1982 मध्ये संधिवाताच्या रुग्णांवरून लिहिले होते. सिकलसेलचे तसे नाही. इथे तुटायला आधीची निरोगी कथाच नसते. अर्धवट सोडलेल्या कामांची सवय लहानपणापासून झालेली असते, आणि पुढचे काही ठरवायचेच नाही, असे मन हळूहळू शिकते. 'बारावीनंतर काय करणार?' या प्रश्नावर एका मुलाने मला शांतपणे सांगितले, "पाहू, तवा कसं राह्यते ते."

हायड्रॉक्सियुरियाची गोळी नेमकी या चांगल्या दिवसांत घ्यायची असते. 1995 मध्ये अमेरिकेतल्या मोठ्या चाचणीत तिने वेदनेचे झटके जवळपास निम्म्यावर आणल्याचे दिसले आणि चाचणी मुदतीआधीच थांबवून निष्कर्ष जाहीर केला गेला. ती गर्भावस्थेतले हिमोग्लोबिन वाढवते, त्यामुळे पेशी वाकडी होणे कमी होते. पण गुण दिसायला महिने लागतात, अधूनमधून रक्त तपासावे लागते, आणि दुखत असताना घेतली तर त्या क्षणी काहीच फरक पडत नाही. वेदनेची गोळी म्हणजे दुखल्यावर घ्यायची, असे आपण सगळेच समजतो. त्यात ती कर्करोगातही वापरतात. पाकिटावरचे किंवा औषधाच्या दुकानातले तेवढे एक वाक्य घरात पोचते आणि गोळ्या फळीवर जातात. मूल होईल की नाही ही भीती तर मोठीच, विशेषतः नवीन लग्न झालेल्यांना. यावर डॉक्टरांशी मोकळे बोलायला हवे, कारण गर्भधारणा ठरवताना गोळीचा विचार खरोखरच करावा लागतो. बोलायला मात्र वेळ लागतो, आणि बाह्यरुग्ण विभागात तोच नसतो.

आता दोषाबद्दल. दोन वाहकांच्या पोटी येणाऱ्या प्रत्येक मुलाला आजार असण्याची शक्यता 25 टक्के, वाहक असण्याची 50 टक्के. पहिले मूल आजारी झाले म्हणून पुढची तीन सुटली, असे नाही. हिशेब दर वेळी नव्याने होतो. हे समजावताना आमच्या गावात एक गंमतशीर अडचण येते. इथे सगळ्यांना कलम कळते. जंबेरीच्या खुंटावर संत्र्याचा डोळा भरला, की फळ डोळ्याचे येते, खुंटाचे नाही. त्यामुळे गुण एकाच बाजूने येतो, ही समजूत हाडीमाशी मुरलेली, आणि सासू ठामपणे सांगते, "आमच्या घरात असं काई नव्हतं, हे तिच्या माहेराहून आलं." मी बैलजोडीचे उदाहरण देते. प्रत्येकाकडे एक जोडी असते. आई आपल्या जोडीतला एक बैल मुलाला देते, बाप आपल्यातला एक. जोडीतला एक लंगडा असला तरी दुसरा ओढून नेतो, म्हणून आईबापांना कधी काही जाणवले नाही. दोघांकडूनही लंगडाच आला, तर गाडी अडते. हे पटते. सासू गप्प होते. सून मात्र त्या दिवसानंतरही स्वतःला मोकळे करत नाही. आपल्याच रक्ताने मूल रडते आहे, हा विचार उदाहरणाने जात नाही. बापांना असे वाटत असेलही. ते बोलत नाहीत; नागपूरला न्यायची वेळ आली, की गाडीची सोय करतात.

प्राथमिक चाचणी फार साधी असते. नळीतल्या द्रावणात रक्ताचा थेंब टाकायचा. मागच्या कागदावरच्या काळ्या रेघा दिसल्या तर निरोगी, गढूळ होऊन दिसेनाशा झाल्या तर सिकल आहे. पण ही चाचणी वाहक आणि रुग्ण यांत भेद करत नाही. त्यासाठी इलेक्ट्रोफोरेसिससारखी पुढची तपासणी लागते. मधल्या दिवसांत गावात 'सिकल निघाला' एवढेच पसरते. वाहक आयुष्यभर निरोगी राहू शकतो, ही बातमी मागाहून चालत येते आणि तोवर स्थळ परत गेलेले असते.

ग्रीसमधल्या ओर्कोमेनोस या गावी 1970 च्या दशकात नेमके हेच घडले. तिथे सिकलचे वाहक खूप होते. संशोधकांनी सगळ्यांची तपासणी केली, सल्ला दिला, दोन वाहकांनी लग्न टाळावे म्हणून समजावले. काही वर्षांनी पाहिले, तर वाहकांची लग्ने अवघड होऊन बसली होती, लोक आपले निदान लपवत होते, आणि वाहकांची आपसांतली लग्ने ठरवून टाळली गेल्याचे दिसत नव्हते. तपासणी वाईट होती असे नाही. लाजेचा विचार आधी केला गेला नव्हता. आपल्याकडे लाजेला जातीची जोड मिळते. या जनुकाची एक प्रत मलेरियापासून संरक्षण देते, हे अँथनी अ‍ॅलिसन यांनी 1954 मध्ये दाखवले. मलेरियाच्या पट्ट्यात ते टिकले, जातीतल्या जातीत लग्नांमुळे काही समाजांत साठत गेले. विदर्भात ते आदिवासी आणि बौद्ध समाजात अधिक आढळते, पण कुणबी, तेली घरांतही मी ते नळीत पाहिले आहे. तिथे अहवाल घडी घालून खिशात जातो आणि 'हा आमच्यातला आजार नाही' म्हणून दुसरी तपासणी बाहेरगावी होते.

1 जुलै 2023 रोजी मध्य प्रदेशातल्या शहडोल इथून राष्ट्रीय सिकलसेल अ‍ॅनिमिया निर्मूलन अभियान सुरू झाले. 2047 पर्यंतचे लक्ष्य आहे, आदिवासी भागांतल्या 40 वर्षांपर्यंतच्या 7 कोटी लोकांची तपासणी त्यात आहे. काम मोठे आहे आणि व्हायलाच हवे. माझी तक्रार एका शब्दाबद्दल. 'निर्मूलन' हे पुढच्या पिढीसाठी आहे. पण भिंतीवरचा तो शब्द आज आजार घेऊन जगणारा मुलगाही वाचतो. हिवताप संपवायचा म्हटल्यावर डास मरतात. इथे मुळासकट काय उपटायचे, हे त्याला कोण सांगणार? 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्याने सिकलसेलला दिव्यांगत्वात जागा दिली, एसटीच्या साध्या बसमध्ये मोफत प्रवासही मिळतो. सवलतीसाठी कंडक्टरपुढे, भरल्या गाडीत, कार्ड काढावे लागते. काही मुली तिकीट काढतात.

आणि कोणाला काय प्रश्न वाटतो, हेही पाहायला हवे. डॉ. अभय आणि राणी बंग यांनी गडचिरोलीत काम सुरू केले तेव्हा सुरुवातीच्या संशोधनात सिकलसेल हा विषय होता. आजार तिथे आहे हे सिद्धही झाले. पण लोकांना ती आपली निकड वाटली नाही, आणि ही गोष्ट डॉ. बंग स्वतः सांगत आले आहेत. उलट नागपूरला संपत रामटेके यांच्या घरातच तो प्रश्न होता. मुलाच्या आजारातून ते या कामाकडे वळले, सिकलसेल सोसायटी ऑफ इंडियाच्या माध्यमातून रुग्णांना आणि पालकांना एकत्र आणत राहिले. 2018 मध्ये त्यांना मरणोत्तर पद्मश्री मिळाली. पालकांनी एकमेकांना भेटण्याला औषधाइतकी किंमत आहे, हे मी पाहिले आहे. दुसऱ्या आईच्या तोंडून 'आमच्याचंही अस्संच उठते' हे ऐकताना बाईचे खांदे खाली येतात.

परदेशात आता जनुकीय उपचार आले आहेत. डिसेंबर 2023 मध्ये अमेरिकेने दोन मंजूर केले, किंमत कोट्यवधी रुपये. शेंदूरजनाघाटच्या माणसाला त्याआधी हवे आहे ते फार स्वस्त आहे. झटका घेऊन आलेल्या रुग्णाला तासाभरात वेदनाशामक मिळावे आणि मग पुन्हा पुन्हा विचारपूस व्हावी, असे आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक सूचना सांगतात. त्यासाठी प्रत्येक रुग्णाजवळ त्याच्या डॉक्टरांच्या सहीचा कागद असावा: याला सिकलसेल आहे, मागच्या वेळी या औषधाने, या मात्रेने उतार पडला होता. रात्री दोन वाजता अनोळखी माणसापुढे स्वतःच्या खरेपणाची साक्ष स्वतःच द्यावी लागू नये, एवढेच.

मघाच्या त्या मुलीने असा कागद प्लास्टिकच्या पिशवीत घालून वहीला जोडला आहे. वहीत ती रोज चार रकाने भरते: पाणी, गोळी, कुठे दुखले, कसे दुखले. शेवटच्या रकान्यात आकडा नसतो, ठणका, सणक, रग असे शब्द असतात. मागच्या हिवाळ्यात तिला भरती केले तेव्हा ड्यूटीवरच्या सिस्टरने ती वही चाळली आणि केसपेपरवर इंग्रजी अक्षरांत 'ठणका' असे लिहिले.